शकूबायचं अर्धं बोलणं

आमच्या गावच्या शाळेत शकूबाय खिचडी शिजवते. बारा वर्षं तिच्या जोडीला बौद्धवाडीतली उज्वला आहे. दोघींचं भांडण झालंच तर मिठावरून.

निवडणूक लागली तशी मोबाइलवर बातम्या करणारा एक जण खालापूरहून आला आणि पाण्याचं विचारू लागला. शकूबाय म्हणाली, "बौद्धवाडीच्या विहिरीचं पाणी आमी पीत नाय. मग त्यांनी तरी का प्यावं? वास मारतं. नळ द्या त्यांना."

संध्याकाळी गावभर जो तुकडा फिरला, तो "पीत नाय"पाशीच संपत होता. एका पक्षाने त्याखाली 'शिवाशिव' लिहिलं, दुसऱ्याने 'वाघीण'.

दुसऱ्या दिवशी एकतीसपैकी बौद्धवाडीतली नऊ मुलं घरून डबे घेऊन आली. उज्वला आलीच नाही.

दुपारी 'वाघीण' लिहिणाऱ्या पक्षाच्या प्रचारातला साईराज दारात उभा. "मावशी, आता मागं हटू नका. उद्या सभेला स्टेजवर बसा."

"अरं, मी तसं बोललेच नाय."

"आवाज तर तुमचाच हाय."

"आवाज माझा, बोलणं तुमचं. नीघ इथून."

तिन्हीसांजेला दिवा लावताना ती देवाला एवढंच म्हणाली, तू तरी अख्खं ऐकलंस ना. सकाळी कळशी उचलली नि थेट बौद्धवाडीच्या विहिरीवर गेली. चार बायका बघत होत्या. तिने पाणी शेंदलं, ओंजळ भरून तोंडाशी नेली.

उज्वलाने धावत येऊन हातावर फटका मारला. "येडी झालीस का गं? हे पाणी आमी म्हशीला दाखवत नाय!"

"मग तुला पटवू कसं?"

"मला काय पटवतेस? मी रागानं घरी बसले नाय, वाडी काय म्हणंल म्हणून बसले. चल, टँकरचं पाणी माठात हाय, ते पी."

शकूबाय तिच्या घरात बसून पाणी प्यायली. एवढ्यात उज्वलाची सून हिरू मोबाइल रोखून उभी दिसली. शकूबायने तांब्या खाली ठेवला.

"शूटिंग नको गं."

"अगं, सगळ्यांना दिसंल की," उज्वला म्हणाली.

"परत कापतील."

"मग वाडीला कळणार कसं?"

"तू सांग."

"सांगीन. ऐकतील का, ते नाय म्हाईत."

त्या दिवशी दोघींनी एकतीस मुलांची खिचडी टाकली. उरली, पण आदल्या दिवसाइतकी नाही.