बिनसहीचं आमंत्रण

सही-शिक्क्याच्या बाबतीत आमच्या डिंगोऱ्याच्या साडूंइतका संशयी माणूस अख्ख्या जुन्नर तालुक्यात सापडायचा नाही. कचेरीतून दाखला मिळाला की ते तो खिडकीपाशी नेऊन न्याहाळतात, शिक्का पुसट वाटला तर कारकुनाला पुन्हा उठवतात. एकदा स्वतःच्याच जन्मदाखल्यावरची सही त्यांना खोटी वाटली, तेव्हा दोन दिवस ते कुणाशी बोलले नव्हते. फोन हातात आला की मात्र हा संशय कुठे जातो, देव जाणे. मध्यंतरी त्यांनी एक जुना पण भारी फोन घेतला आणि आळेफाट्यावरच्या एका कारागिराकडून कंपनीने घातलेली सगळी कुलपं तोडून घेतली. याला जेलब्रेक म्हणतात, हे ज्ञानही त्यांचंच. "पावणं, फोन आपला अन् कुलूप कंपनीचं? आसं कुटं आस्तंय व्हय!" मग कंपनीने तपासून सही न केलेली, बिनसहीची ॲपं फोनात बिनधास्त शिरली. त्यातलं एक बिबट्याची चाहूल लागली की शिट्टी वाजवायचं. ते साडूंच्या दुपारच्या घोरण्यालाही वाजायचं.

पुढे त्यांच्या मुलीची सुपारी फुटली आणि त्याच आठवड्यात अनोळखी नंबरावरून 'लग्नाचं आमंत्रण' नावाचं ॲप आलं. फोनवर मी त्यांना ते उघडू नका म्हणालो, तर चिडले. "आमंत्रणाला नाय म्हणायचं व्हय? पोरीचा बाप हाये मी. उद्या माज्या दारात कोण येईल?" त्यांनी ते उघडलं. तासाभरात ते त्यांच्या नावाने एकूण एक पाहुण्याला पोचलं. पोरीचीच पत्रिका समजून सगळ्यांनी आनंदाने दाबलं आणि अर्ध्या भावकीचे फोन आडवे झाले.

खरी पत्रिका पाठवली तेव्हा ती कुणी उघडेना. त्यांचा आळे गावचा चुलतभाऊ मला म्हणाला, "उसात बिबट्याच्या शेपटावर पाय दीन, पर दादाच्या मेसेजवर बोट न्हाई ठेवायचो." लग्न पंधरा दिवसांवर, आणि मांडवात कोण येणार याचा पत्ता नाही.

तेव्हा साडू छापील पत्रिका आणि कुंकवाची डबी घेऊन मोटारसायकलवर गावोगाव निघाले. माझ्याकडे आले तेव्हा मी बघतच राहिलो. रोज सकाळी त्यांचा 'शुभ सकाळ' येत असे, पण माणूस दोन वर्षांनी दिसत होता. केस पांढरे झालेले, पायरी चढताना गुडघा हाताने धरलेला. पत्रिकेला कुंकू लावता लावता त्यांनी विचारलं, "तुमी तरी फोनवरली उघडली व्हती ना, पावणं?"

मी हो म्हणालो. उघडली नव्हती. मला फार लाज वाटली.

लग्नाला आम्ही आदल्या दिवशीच जाऊन राहिलो. मांडवात पाय ठेवायला जागा नव्हती, आणि येणारा जो तो साडूंना आधी गुडघ्याचं विचारत होता.