जाळीवाल्यांचं चुकलेलं माप

आमच्या इमारतीत त्यांना सगळे जाळीवाले म्हणतात. दुकान नाही, पाटी नाही. एका घरचं काम नीट झालं की तिथली बाई शेजारणीला सांगते, शेजारीण तिच्या नणंदेला. तेवीस वर्षं त्यांचं पोट या सांगण्यावर चाललं आहे. म्हणूनच मी त्यांच्याबद्दल काय काय सांगत फिरले, ते आधीच कबूल केलेलं बरं.

पाणीपुरवठा कार्यालयाच्या तक्रार विभागात मी एकतीस वर्षं काढली. लोकांच्या तक्रारी ऐकता ऐकता तक्रार कशी करायची याचं माझं उत्तम शिक्षण झालं. निवृत्तीनंतर मी आणि माझी थोरली बहीण, आक्का, एकत्र राहू लागलो. घर आक्का चालवते. स्वयंपाकघरात मी लुडबूड केलेली तिला खपत नाही. त्याला लागून मागचा सज्जा आहे. तिथे तिच्या कुंड्या, कपडे वाळत घालायची दोरी आणि संध्याकाळ झाली की डासांची फौज. दार बंद ठेवावं तर जीव गुदमरतो, उघडावं तर डास फोडून काढतात. म्हणून गुंडाळणारी जाळी बसवायची ठरली. बाजूच्या उभ्या पेटीतून ओढायची, पलीकडच्या लोहचुंबकाला टेकवायची, आणि नको असेल तेव्हा परत पेटीत.

जाळीवाले आले आणि पाच मिनिटं नुसतं दाराकडे बघत उभे राहिले. मग त्यांनी चौकटीची रुंदी वर, मधे आणि खाली अशी तीनदा मोजली. मी म्हटलं, अहो, दार एकच आहे. त्यावर ते म्हणाले, सरळ चौकट मी अजून पाहिलेली नाही. आणि खरंच, तीन मापं तीन निघाली. त्यातलं सगळ्यात लहान धरून त्यांनी काम केलं आणि तिन्ही आकडे एका चिठ्ठीवर लिहून पेटीच्या आतल्या बाजूला चिकटवले. ही त्यांची सवयच. दहा वर्षांनी दुरुस्तीला कुणीही आला तरी त्याला अडायला नको, असं त्यांचं म्हणणं. जाताना आक्काला सूचना दिल्या. जाळी हाताने पलीकडे पोचवायची, मधेच सोडून द्यायची नाही. खालची पट्टी आठवड्यातून एकदा जुन्या टूथब्रशने साफ करायची. तेल मात्र घालायचं नाही, तेलावर धूळ बसते. आक्काने तीनदा विचारलं, त्यांनी तीनदा सांगितलं.

दीड महिन्यात जाळी पट्टीतून निसटून लोंबायला लागली. मी फोन केला, ते लगेच आले. खाली बसून त्यांनी जाळीवरून बोट फिरवलं, मग उठून कपाळाच्या उंचीवर पाहिलं. काहीतरी बोलणार होते. पण माझ्या खांद्यावरून मागे बघितलं आणि म्हणाले, "माझंच माप चुकलं असेल." जाळी परत बसवली आणि तिच्यावर चार बोटं रुंद पिवळी पट्टी आडवी चिकटवली. पाहुण्यांच्या लक्षात यावं म्हणून, असं म्हणाले. आमच्याकडे पाहुणे कुठले!

वीस दिवसांनी पुन्हा तेच, आणि पुन्हा तेच उत्तर. आता मात्र मी तोंडसुख घेतलं. तेवीस वर्षं काय मोजत होता, असंही विचारलं. ते खाली मान घालून स्क्रू आवळत राहिले. आक्काने त्यांना चहा दिला, त्याचाही मला राग आला.

त्याच आठवड्यात इमारतीची बैठक होती. सव्वीस घरांना जाळ्या बसवायच्या होत्या आणि जाळीवाल्यांचं नाव जवळजवळ ठरलं होतं. मी उठून उभी राहिले आणि म्हटलं, ज्यांना एक दार मोजता येत नाही त्यांच्या हाती सव्वीस द्यायची का? काम दुसऱ्या कंपनीला गेलं. मग जिन्यात, गच्चीवर, भाजी घेताना, जिथे विषय निघेल तिथे मी त्यांच्या नावाने खडे फोडले.

चार महिन्यांनी जाळी तिसऱ्यांदा निघाली तेव्हा मी त्या नव्या कंपनीची कारागीर बोलावली. चाळिशीतली, कामाला चोख बाई. तिने पेटी उघडून चिठ्ठी वाचली, स्वतः मोजलं, परत मोजलं. मग म्हणाली, "माप केसभरही चुकलेलं नाही. कुणीतरी सरळ चालत येऊन या जाळीवर आदळतंय." तिने जाळीला आलेला फुगवटा दाखवला. तो माझ्या हनुवटीपाशी होता. आक्का माझ्यापेक्षा वीतभर बुटकी आहे.

ती बाई गेल्यावर आक्काने गॅस बंद केला आणि खुर्चीवर बसली.

"एवढी मोठी पिवळी पट्टी आहे त्यावर," मी म्हटलं.

"पट्टी आहे हे मला तुम्हा दोघांच्या बोलण्यातूनच कळलं गं."

मग तिने सगळं सांगितलं. पहिल्यांदा जाळीवाले बोलायला लागले तेव्हा ती माझ्या मागे उभी होती, आणि तिने त्यांना हात जोडले होते. मी विचारलं, का? ती म्हणाली, तू माझ्या हातातून स्वयंपाकघर काढून घेतलं असतंस. आणि ते खरंच होतं. त्याच संध्याकाळी घेतलं असतं. माझी सख्खी बहीण मला घाबरून अंधारात चाचपडत होती, याची मला जन्मात वाटली नसेल एवढी लाज वाटली.

डॉक्टरांनी काचबिंदू सांगितला. उजवा डोळा थेंबांवर टिकेल. डाव्याचं गेलं ते गेलं. चार महिने आधी आणलं असतंत तर बरंच वाचलं असतं, असं त्यांनी मला बाजूला घेऊन सांगितलं.

दुसऱ्या दिवशी मी जाळीवाल्यांच्या घरी गेले. जाताना राग माझाही आला होता आणि त्यांचाही. माफी मागायची होती आणि जाबही विचारायचा होता, की तुम्हाला कळलं होतं तर गप्प का बसलात? पुढच्या खोलीतच त्यांचं काम चालतं. जाळीच्या गुंडाळ्या भिंतीशी उभ्या होत्या आणि त्यांच्यावर धूळ बसली होती. ती बघून मी आधी माफी मागितली. रविवारच्या बैठकीत सगळ्यांसमोर खरं सांगते, असंही म्हटलं.

ते ताडकन म्हणाले, अजिबात नाही, आक्कांचं सगळ्या इमारतीला कळेल.

"मग मी धडकत होते असं सांगते," मी म्हटलं. "माझ्याबद्दल कुणालाही खरं वाटेल."

ते हसले. त्यांना हसताना मी पहिल्यांदाच पाहत होते. मग आक्काच्या डोळ्यांचं विचारलं. मी आजाराचं नाव सांगितलं, थेंबांचं सांगितलं, डाव्या डोळ्याचंही सांगितलं. त्यांनी हातातली मापाची पट्टी खाली ठेवली.

"ती पिवळी पट्टी लावूनही त्या धडकल्या, तेव्हाच मला कळलं होतं," ते म्हणाले. "रोज वाटायचं, तुम्हाला फोन करावा. पण त्यांचे जोडलेले हात डोळ्यांसमोर यायचे." मग त्यांनी विचारलं, "मी तेव्हा बोललो असतो, तर तो डोळा वाचला असता का?"

डॉक्टरांचं वाक्य माझ्या ओठांवर होतं. ते सुनावायलाच तर मी आले होते.

"नाही," मी म्हटलं. "डॉक्टर म्हणाले, तेव्हाही उशीरच झाला होता."

 त्यांनी बाहीने डोळे पुसले आणि तुमची जाळी बसवायला उद्या दहाला आलो तर चालेल का, असं विचारलं.