बिनभोकाचं बोंड

आमच्या बीबी गावच्या अन्वर केबलवाल्यावर गावाचा भरवसा कधीच नव्हता. वायरी ओढता ओढता त्यानं गावापुरतं चॅनल काढलं अन् रोज सांजच्याला पडद्यावर बसून सांगू लागला, दव कुठून येते, भाकर काऊन फुगते. लोक डोळे लावून पाहत अन् मंग म्हणत, "याच्यात याचं काय हाये?" भाकरीचं सांगितलं त्या दिवशी त्याले चक्कीवाल्यानं फितवलं असं ठरलं.

२०१७ साली त्यानं कॅमेऱ्यापुढं कपाशीचं हिरवं बोंड चिरलं. आत गुलाबी अळी. "पऱ्हाटीचं फूल गुलाबकळीवानी मिटलेलं दिसलं का ती डोमकळी. आत अळी असते. तोडा, जाळा. नाही तर पुढं बोंडं जातीन."

अळी लागत नाही म्हणून घेतलेल्या बीटी बियाण्यात अळी पडते, हे ऐकायचीच गावाची तयारी नव्हती. त्यात शेषरावची पऱ्हाटी डोक्याएवढी, अन् वावरभर मिटलेली फुलं. तो चालू कार्यक्रमातच अन्वरच्या खोलीत घुसला.

"बोंडाले भोक कुठी हाये बे? अळी काय भूत हाये, भिंतीतून जायाले? तूच घातली. फवारणीवाल्याचं खाल्लं तू!"

"काका, बारकी असताना शिरते. मागून भोक बुजते. तुमचा कान टोचला होता ना? बाळी काढली. आता भोक दिसते काय?"

अन् कॅमेरा कानावर. साऱ्या गावानं शेषरावचा कान पाहिला.

"माह्या कानावर जाऊ नको!" शेषरावनं धोतराच्या सोग्यातून बोंड काढलं. "हे माह्या वावरातलं. मीच तोडलं, मीच कापतो."

अडकित्त्यानं कापलं. आत गुलाबी अळी, निवांत.

शेषरावनं अडकित्त्याच्या टोकानं अळी हलवून पाहिली. मंग म्हणे, "माह्या वावरात कवा गेलता तू?"

गावालेही ते पटलं. दोघांनी तर अन्वरले तिकडं वायर ओढताना पाह्यलंही होतं.

सकाळी अन्वर सायकलीवर शिडी घेऊन शेषरावच्या वावराच्या वाटेनं निघाला, तर शेषराव अन् त्याची बायको वच्छलाबाई वाकून डोमकळ्या तोडून राह्यले होते. यानं शिडी बांधाले टेकवली अन् तिसरी ओळ धरली. दुपारी पोत्यातल्या डोमकळ्यांचा ढीग धुरात चरचरला.

अन्वर निघाला तसा शेषराव म्हणे, "खिसे झटक."

"काऊन?"

"एखादी नेशीन, अन् आज दुसऱ्याच्या बोंडात घालून दाखवशीन."

अन्वरनं दोन्ही खिसे उलटे केले. तंबाखूची पुडी निघाली. शेषरावनं ती उघडून, बोटानं चाळून पाहिली. मंगच चिमूट घेतली.