रक्त गोठलं नाही म्हणून पेढे

माझ्या सासूबाई मरणाच्या दारात होत्या तेव्हा मी दवाखान्यात पेढे वाटले, ही गोष्ट खरी आहे. त्यात खोटं काही नाही. त्यातला एक पेढा मी खुद्द सासूबाईंना माझ्या हातानं भरवला, हेही खरं आहे. (माझ्या नणंदेनं, म्हणजे वन्संनी, ही हकिकत सोयऱ्याधायऱ्यांत इतक्यांदा सांगितली आहे की आता मीच ती सांगून टाकलेली बरी. निदान माझी बाजू तरी येईल.)

मी साखऱ्याला नांदायला आले ती बारावी सायन्स होऊन. सासूबाईंना मी आत्याबाई म्हणते. त्या बाजारात मिरच्या घेताना मिरचीवालीलाही सांगायच्या, "आमची सून सायन्सची हाये." बारावीला मार्क किती पडले ते त्यांनी कधी विचारलं नाही, मीही कधी विषय काढला नाही. पण त्या सायन्सपायी गल्लीतली सगळी गोळ्यांची पाकिटं माझ्याकडे वाचायला येऊ लागली, मग रक्ताचे रिपोर्ट येऊ लागले. मी चष्मा पुसून रिपोर्ट उजेडाला धरायची, थोडा वेळ गप्प बसायची आणि म्हणायची, "काळजीचं काही नाही." माणसं मोकळी होऊन घरी जायची. देवाच्या कृपेनं तोवर खरंच कुणाला काही निघालं नव्हतं.

दोन वर्षांमागं मामांना, म्हणजे सासऱ्यांना, हृदयाचा झटका येऊन गेला. तेव्हा डॉक्टरांनी आम्हाला नीट समजावलं होतं. आपल्या रक्तात प्लेटलेट नावाच्या बारीक बारीक चकत्या असतात. कुठं कापलं, खरचटलं की त्या तिथं धावत जातात, एकमेकींना चिकटतात, वर जाळी बसते आणि रक्त थांबतं. पाटाचा बांध फुटला की गावची माणसं पोती घेऊन पळतात, तसं. पण मामांच्या हृदयाच्या नळीत त्या काही कापलेलं नसताना गोळा झाल्या आणि वाट अडवून बसल्या. म्हणून त्यांनी चिकटू नये यासाठी रोज एक गोळी, कायमची.

हे सगळं मी घरी येऊन सांगितलं. आत्याबाईंनी त्यातलं एवढंच उचललं, की रक्त गोठलं की माणूस संपला. दुसऱ्या दिवसापासून त्यांनी मामांचं दही बंद केलं, कारण दही म्हणजे गोठलेलं दूध! मामा ताकावर आले. मी दोनदा समजावून पाहिलं, पण खरं सांगायचं तर तोवर माझ्याही डोक्यात तेच पक्कं बसलं होतं. आमच्या घरात गोठणं हा शत्रू आणि पातळ रक्त हा आपला माणूस, असा कारभार सुरू झाला.

मग यंदाच्या सोयाबीनची गोष्ट. सोयाबीन कापून शेतात गंजी घातली होती, वर ताडपत्री. सकाळी ऊन पडलं म्हणून आत्याबाई ताडपत्री उचलायला गेल्या आणि खाली बसलेल्या सापानं त्यांच्या पायाला धरलं. बाई शेतातून एकट्या चालत घरी आल्या. ओट्यावर टेकल्या आणि म्हणाल्या, "काईतरी चावलं माय. कुकरवानी फुसफुसत व्हतं. म्हशीला पाणी दाखवलं का?"

कुकरसारखं फुसफुसतं म्हणजे घोणस, हे आमच्याकडे लहान पोरालाही कळतं. शेजारच्या पार्वताकाकू धावत आल्या आणि म्हणाल्या की आधी कडुलिंबाचा पाला चावायला द्या, कडू लागला तर विष नाही, गोड लागला तर विष आहे. मी त्यांच्यावर खेकसले. असल्या अडाणी परीक्षा करत बसायची वेळ आहे का, म्हणाले. (हे वाक्य लक्षात ठेवा. पार्वताकाकूंनी ठेवलं आहे.) आमच्या ह्यांनी (आत्याबाईंचा दत्त्या तो हाच) मोटारसायकल काढली, आत्याबाईंना मधे बसवलं, मी मागून त्यांना धरलं आणि आम्ही तालुक्याला सरकारी दवाखान्यात निघालो. त्या दिवशी मी केलेली शहाणपणाची गोष्ट ती एवढीच.

दवाखान्यात पोचेपर्यंत पाय गुडघ्यापर्यंत सुजला होता. डॉक्टर तरुण होते. त्यांनी आत्याबाईंचं थोडं रक्त काढलं, काचेच्या कोरड्या परीक्षानळीत घातलं आणि नळी टेबलावरच्या स्टँडमध्ये उभी केली. म्हणाले, "रक्त गोठतंय का ते बघायचंय. वीस मिनिटं हिला कुणी हात लावायचा नाही, हलवायची नाही." तेवढ्यात ट्रॅक्टर उलटून सापडलेला एक माणूस आला आणि डॉक्टर, सिस्टर सगळे तिकडे धावले.

झालं, माझं सायन्स जागं झालं! परीक्षानळी म्हणजे माझ्या प्रॅक्टिकलची गोष्ट. मी आमच्या ह्यांना समजावलं की विषानं रक्त गोठतं, गोठलं की गुठळी हृदयात जाते, मामांचं झालं तसं. म्हणून डॉक्टर बघून राहिलेत. नळीतलं रक्त गोठलं तर आपलं नशीब फुटलं, पातळ राहिलं तर आत्याबाई वाचल्या. हे म्हणाले, "बराबर." लग्नापासून ते मला बराबरच म्हणत आले आहेत.

तेवढ्यात गल्लीतली माणसं घेऊन टेम्पो आला. मामा आले, पार्वताकाकू आल्या, शेतातल्या कपड्यांत दहाबारा जण आले आणि सगळे त्या नळीभोवती उभे राहिले. मी पहारा करत होते. पार्वताकाकूंनी नळीला अंगारा लावायचं म्हटलं, मी लावू दिला नाही. एकाला आत हळद टाकून बघायची होती, त्याचा हात धरला. मामांनी टोपी काढली, डोळे मिटले आणि औंढ्याच्या नागनाथाला मोठ्यानं नवस बोलले, "देवा, तू सापांचा मालक हाईस. हिचं रक्त गोठू देऊ नको. तुला अभिषेक घालतो."

वेळ भरली. डॉक्टर अजून ट्रॅक्टरवाल्यापाशीच होते. मी नळी उचलली आणि हळूच आडवी केली. रक्त पाण्यासारखं सळकन इकडून तिकडे गेलं.

"गोठलं नाही!" मी ओरडले. "काळजीचं काही नाही!"

मामा मटकन खाली बसले आणि रडायला लागले. देवानं ऐकलं म्हणाले. आमचे हे पळत जाऊन पेढ्यांचा पुडा घेऊन आले आणि मी वाटायला सुरुवात केली. आमच्या माणसांना दिले, दारावरच्या शिपायाला दिला, शेजारच्या खाटांवरच्या पेशंटांना दिले. ट्रॅक्टरवाल्याच्या बायकोला सुद्धा दिला. ती बिचारी भिंतीला टेकून बसली होती, तिनं काही न विचारता हातात घेतला आणि तसाच धरून ठेवला. आता आठवलं की माझी मान खाली जाते.

मग एक पेढा घेऊन मी आत्याबाईंच्या खाटेपाशी गेले. त्या डोळे मिटून पडल्या होत्या. मी पेढा त्यांच्या तोंडाला लावला. त्यांनी थोडा चावला, उरलेला माझ्या हातात राहिला आणि त्याला लाल लागलं होतं. मला रागच आला. मी म्हणाले की आत्याबाई, निदान दवाखान्यात येताना तरी पान खाऊ नये.

"पान कवा खाल्लं मी?" त्या म्हणाल्या. "सकाळपासून तोंडात काय बी न्हाई."

मी त्यांचा ओठ बाजूला केला. हिरड्यांतून रक्त येत होतं. मघाशी सुई टोचली होती तिथला कापूस भिजून लाल झाला होता आणि रक्त मनगटावरून चादरीवर उतरत होतं. माझ्या हातात अर्धा पेढा होता आणि तो कुठं ठेवावा ते मला सुचेना.

डॉक्टर आले ते पार्वताकाकूंनी पुढं केलेल्या पेढ्यापाशी थबकले. कशाचे म्हणून त्यांनी विचारलं. रक्त गोठलं न्हाई त्याचे, काकू म्हणाल्या. डॉक्टरांनी पेढ्याकडे बघितलं, मग नळी उचलून आडवी करून बघितली.

"हे चांगलं आहे असं कुणी सांगितलं?"

सगळी गल्ली माझ्याकडे बघायला लागली. कुणी बोट दाखवलं नाही, तशी गरजच नव्हती.

मग जी धावपळ झाली तीत डॉक्टरांनी आम्हाला घाईघाईत सांगितलं. घोणशीचं विष अंगभर उगाचच बारीक बारीक गुठळ्या करत सुटतं आणि त्यात प्लेटलेट आणि रक्त गोठवणारा सगळा माल खर्चून टाकतं. खऱ्या जखमेपाशी धावायला मग कुणी उरत नाही. म्हणून नळीत रक्त गोठायलाच हवं होतं, आणि आता ते गोठेपर्यंत बाईंचा भरवसा नाही. सापाच्या विषावरचं औषध त्यांनी सलाइनमधून सुरू केलं आणि ॲम्ब्युलन्स दारात उभी करून ठेवायला सांगितली.

ज्यांनी पेढे खाल्ले होते ते हळूच तोंड पुसत बाहेर गेले. मामा मात्र माझ्याजवळ आले.

"अनिता, मी तर देवाला गोठू देऊ नको म्हनलो. त्यो माझंच ऐकून राहिला का काय? आता काय सांगू त्याला?"

या प्रश्नाचं उत्तर बारावी सायन्सला नव्हतं. मी म्हणाले की उलटा नवस बोला. मग मामांनी पुन्हा टोपी काढली आणि देवाला आधीचं विसरायला सांगितलं. गोठू दे म्हणाले, दह्यावानी गोठू दे. पण असं एकदा हे, एकदा ते मागणाऱ्या माणसाचं देव तरी काय ऐकणार, अशी भीती त्यांच्या तोंडावर दिसत होती.

दुपारभर मी खाटेपाशी बसून राहिले. आत्याबाईंच्या हातावर कधीतरी काटा ओरखडला होता, त्या जुन्या ओरखड्यातूनसुद्धा रक्त पाझरायला लागलं. मी ते पुसायची, ते पुन्हा यायचं. एकदा त्यांनी डोळे उघडले.

"पेढे कशाचे व्हते गं?"

मी खोटं बोलले. मामांच्या नवसाचे, म्हणाले. त्यावर नवस फेडायच्या आधीच पेढे, ह्या माणसाला घाई लई, असं काहीतरी त्या पुटपुटल्या. मग म्हणाल्या, "मी न्हाई वाचले तर म्हशीपाशी तूच बस. दत्त्याच्या हाताला ती पान्हवत न्हाई."

माझी आई मी कॉलेजात असतानाच गेली. तेव्हापासून मला 'जेवलीस का' म्हणून विचारणारं या जगात एकच माणूस उरलं होतं आणि त्याच्या मरणाची साखर मी अर्ध्या दवाखान्याला वाटून बसले होते. मी उठून बाहेरच्या नळावर गेले आणि तोंडात पदर कोंबून रडले.

दिवस मावळायच्या सुमाराला डॉक्टरांनी पुन्हा रक्त काढून दुसऱ्या नळीत घातलं. या वेळी पहाऱ्याला मला कुणी ठेवलं नाही. मी भिंतीकडे तोंड करून उभी राहिले. वेळ भरल्यावर डॉक्टरांनी नळी आडवी केली. मग मामांचा आवाज आला.

"सांडत न्हाई. अनिता, बघ, दह्यावानी बसलंय!"

मी वळून बघितलं. नळी आडवी होती आणि रक्त आपल्या जागी घट्ट होतं. पेढ्यांचं नाव कुणी काढलं नाही. डॉक्टर म्हणाले की अजून दोन दिवस प्लेटलेट मोजत राहावं लागेल, पण गाडी रुळावर आली. मामांच्या गोळीचंही मी भीत भीत विचारलं. ती चालू ठेवायची म्हणाले. जिथं लागलंय तिथं गोठलं पाहिजे, नको तिथं गोठू नये, एवढं साधं आहे म्हणाले. एवढं साधं होतं तर!

आत्याबाई घरी आल्या. मामांनी औंढ्याला जाऊन दोन अभिषेक घातले. दुसरा कशाचा म्हणून गुरुजींनी विचारलं तेव्हा त्यांनी सांगितलं की बायकोचं रक्त गोठू नये असं मागितलं होतं, तेही देवानं दिलं होतं, उधारी ठेवायची नाही. (गुरुजींनी दोन पावत्या फाडल्या.) मामांचं दही पुन्हा सुरू झालं. आणि सासरहून, म्हणजे हट्ट्याहून, वन्सं आईला भेटायला आल्या, त्यांना पार्वताकाकूंनी सगळं सविस्तर सांगितलं, कडुलिंबाच्या पाल्यापासून.

मला वाटलं आत्याबाई आता आयुष्यभर बोलणार नाहीत. त्या बोलल्या, पण वन्संना. पोरीनं माझ्यासाठी केलं ते जीव लावून केलं, उलटं केलं एवढंच, म्हणाल्या. ते ऐकून मला इतकं भरून आलं की मी पुन्हा पूर्वीसारखी ताठ चालायला लागले.

मागच्या आठवड्यात आत्याबाईंना जरा कणकण आली. मी कपाळाला हात लावला, नाडी बघितली, थोडा वेळ गप्प बसले आणि म्हणाले, "काळजीचं काही नाही."

आत्याबाई उठल्या, चपला घातल्या, पदर खोचला आणि अंगणात जाऊन हाक मारली, "दत्त्या, गाडी काढ!"