गणपतीआधी जामीन

पेणच्या कोर्टाजवळ आमच्या वकीलसाहेबांचं ऑफिस आहे. तिथे मी टायपिंग करते. केस संपली की फाईल माळ्यावर जाते, पण किस्से काही जात नाहीत. ते माझ्या टेबलापाशीच घुटमळतात. दुपारी डबे उघडले की कोणीतरी म्हणतंच, “ते हिराबाईंचं सांग ना.”

हिराबाई म्हणजे नामदेवची आई. नामदेव गणपतीच्या कारखान्यात मूर्तींचे डोळे आखतो. शेताच्या बांधावरून त्याचं शेजारच्या काशिनाथशी भांडण झालं आणि त्याने काशिनाथच्या डोक्यात फावडं घातलं. खुनाच्या प्रयत्नाचं कलम लागलं. काशिनाथ हॉस्पिटलात, नामदेव जेलमध्ये आणि हिराबाई आमच्या बाकावर. त्यांचं एकच म्हणणं, “गणपतीच्या आत त्याला बाहेर काढा. कारखान्यात सगले देव आंधले बसलेत.”

*

पहिला अर्ज सेशन कोर्टात. गुन्हा किती गंभीर, आरोपी पळून जाईल का, साक्षीदारांना दमदाटी करील का, हे कोर्ट बघतं. सरकारी वकील म्हणाले, “आरोपी फरार होण्याची दाट शक्यता आहे.”

मागच्या बाकावरून हिराबाई उठल्या. “सायेब, त्याला पनवेलच्या पुढं गाडी लागते. पलून जाईल कुठं?”

जजसाहेबांनी फाईल तोंडासमोर धरली. खांदे हलताना मात्र सगळ्यांना दिसले. तरी अर्ज फेटाळला. तपास चालू होता, काशिनाथची जखम ताजी होती.

बाहेर आल्यावर साहेब म्हणाले, “हिराबाई, ओकारीवर जामीन होत नाही.”

*

मग हायकोर्टाची तयारी. साहेब सहज बोलून गेले, “नामदेववर आधीचा एकही गुन्हा नाही. चांगल्या वागणुकीचा काही कागद मिळाला तर बघा.”

आठवड्याने हिराबाई पिशवी भरून कागद घेऊन आल्या. शाळेचा दाखला. भजनी मंडळाचं पत्र, त्यात ‘टाळ कधीही चुकवत नाही’ असं लिहिलेलं. आणि गावाच्या सह्यांची यादी. साहेबांनी यादीवरून बोट फिरवलं आणि ते मध्येच थांबलं.

“अहो, हा तर सरकारी साक्षीदार आहे! याचीही सही घेतलीत?”

“मग? तो बोलला, पोरगा चांगला हाय.”

“आणि मारलं ते?”

“ते पन खरं हाय बोलला.”

साहेबांनी यादी गुपचूप ड्रॉवरमध्ये टाकली. ती कोर्टासमोर गेली असती, तर साक्षीदार फोडला म्हणून जामीन तिथेच संपला असता. हिराबाई रुसल्या. “येवढं गाव फिरले मी, चप्पल झिजली.”

*

हायकोर्टात नंबर लागता लागता पाच महिने गेले. तोवर आरोपपत्र दाखल झालं होतं, काशिनाथ बरा होऊन शेतावर जाऊ लागला होता. आता नामदेवला आत ठेवून तपासाचं काही अडत नव्हतं. जजसाहेबांनी दोन प्रश्न विचारले, कागद उलटले आणि जामीन मंजूर केला.

मी हिराबाईंच्या हाताला धरून उभी होते. मला रडू आलं. त्या मात्र माझ्या कानाशी लागल्या, “दोनच मिनटांचं काम व्हतं गो बाय. मग पाच महिने काय करत व्हते?”

*

आता जामीनदार हवा. तीन काका आले, तिघांच्या हातात सातबारा. मी बघितलं तर तिन्ही कागद एकाच जमिनीचे, आणि त्यावर चुलत-मावस मिळून बेचाळीस नावं! शेवटी मामांची स्वतंत्र जमीन निघाली. क्लार्कने त्यांना विचारलं, “आरोपी पळाला तर हजर करायची जबाबदारी तुमची. कबूल?”

मामा विचारात पडले. “कबूल. पन माझे गुडघे धरलेत. त्याला सांगा, जरा हलू पल.”

*

नामदेव सुटला, पण अटींवर. केस संपेपर्यंत पेण तालुक्यात पाय ठेवायचा नाही, कारण साक्षीदार तिथलेच. त्यांच्याशी बोलायचंही नाही. दर सोमवारी रोह्याच्या पोलीस ठाण्यात हजेरी. तो रोह्याला बहिणीकडे राहिला, हिराबाईही तिथेच गेल्या. गणपतीला वीस दिवस उरलेले. मालकाने डोक्याला हात लावला, आणि मग टेम्पो भरून बिनडोळ्यांचे गणपती रोह्याला पाठवले! बहिणीच्या पडवीत नामदेव सकाळपासून डोळे आखत बसायचा.

एका दुपारी हिराबाईंचा फोन आला. “बाय गो, काशिनाथ आलाय. एसटीनं. मांडीवर घरचा देव घेऊन आलाय, बिनडोल्यांचा.”

मी फोन स्पीकरवर टाकला. साहेब खुर्चीतून उठलेच. “नामदेवला सांगा, एक शब्द बोलायचा नाही. फिर्यादीशी बोलला तर जामीन रद्द होईल, परत आत जाईल!”

“ऐकलं त्यानं. मान हलवली.”

फोन हिराबाईंच्या हातात तसाच चालू राहिला. पाट सरकवल्याचा आवाज आला. ऑफिसात आम्ही डबे उघडे ठेवून बसलेलो.

मग काशिनाथचा आवाज आला. “देवा, याला सांग. कोर्टात मी जे झालं तेच सांगनार. एक शब्द कमी नाय, एक जास्त नाय.”

साहेबांनी डोळे मिटले. पलीकडे पाण्यात ब्रश खळखळला.

“देवा,” नामदेव म्हणाला, “त्याला सांग, तुला घट्ट धरायला. हात हलला तर डोला वाकडा येईल.”