अपर्णा आणि दगडू

आमच्या तेलगावात गेल्या तीस-चाळीस वर्षांत जन्मलेली एकही मुलगी आमच्या संस्कृतच्या सरांच्या तावडीतून सुटलेली नाही. बारशाचं आमंत्रण असो नसो, सर हजर. आत्याने बाळाच्या कानात कुर्र केलं रे केलं, की ते नावाचा अर्थ सांगायला बसत. शेतकऱ्याच्या घरातून निघून संस्कृत शिकलेला हा गावातला पहिला माणूस, त्यामुळे त्यांना अडवायची कुणाची हिंमत नव्हती. पंगत खोळंबायची, वरण निवायचं, पण धातू आणि प्रत्यय संपेपर्यंत वाढपी जागचा हलायचा नाही. एसटीतही तेच. एकदा बीडहून चौसाळ्याला निघाले, तर कंडक्टर बाईंचं नाव निघालं रेवती. हे शेवटचं नक्षत्र कसं, हे त्यांना समजावता समजावता सरांचं चौसाळा मागे राहिलं. पुढच्या गावाला उतरून उलट्या गाडीने आले, आणि वर बाईंचीच तारीफ करत होते की किती मन लावून ऐकलं.

त्यांचं सगळ्यांत लाडकं नाव अपर्णा. पार्वतीने तप करताना अन्न सोडलं, मग गळालेल्या पानांवर राहिली, शेवटी पानसुद्धा सोडलं, म्हणून ती अपर्णा. हे सांगताना त्यांचे डोळे दर वेळी भरून येत. एका मेंढपाळाच्या नातीसाठी त्यांनी हेच नाव सुचवलं. म्हाताऱ्याने तंबाखू मळत सगळं ऐकून घेतलं आणि शांतपणे म्हणाला, "सर, नाव लई चांगलं हाय. पर ज्याच्या दारात मेंढरं, त्यानं पाला न्हाई असं नाव कावून ठिवावं?" सर आठ दिवस त्याच्याशी बोलले नाहीत.

सरांनी स्वतःच्या लग्नात ताटातल्या तांदळावर अंगठीने लिहिलं तेही अपर्णाच. काकूंचं माहेरचं नाव दगडाबाई. मास्तरच्या बायकोला ते शोभणार नाही, असं त्यांचं मत होतं आणि काकूंना कुणी विचारलं नव्हतं. सरांनी अपर्णा म्हणून हाक मारली, की काकू तिसऱ्या हाकेला ओ देत. हिला कमी ऐकू येतं, असं सर आम्हाला सांगत. शेजारणीची कुजबुज मात्र काकूंना भिंतीपलीकडून ऐकू यायची.

मागच्या वर्षी काकूंच्या पोटातली गाठ काढायची ठरली. वय पाहता डॉक्टरांनी धोका सांगून ठेवला होता. माझ्याच गाडीतून मी दोघांना अंबाजोगाईला नेलं. सकाळी नर्सने दोनदा अपर्णाबाई म्हणून पुकारा केला, पण काकू खिडकीबाहेर बघत बसलेल्या. सरांनी खांद्याला हात लावला, तुझंच नाव घेतायत म्हणाले.

काकू हसल्या. "माज्या आधी आईची तीन लेकरं गेली. मंग तिनं मला दगड म्हणलं. देवाला वाटावं, दगड कशाला न्यायचा? त्या नावावर जगले मी. अजून कान तिकडंच हायत." एवढं बोलून त्या उठल्या आणि नर्सच्या मागे आत गेल्या.

साऱ्या तालुक्याला नावांचे अर्थ सांगणाऱ्या माणसाने घरातल्या नावाचा अर्थ कधी विचारलाच नव्हता. मला त्यांचा राग आला, आणि त्यांचा चेहरा पाहून लगेच कीवही आली. ते बाकावर बसून राहिले. समोरून कितीतरी नर्स गेल्या, पण एकीच्याही नावाची पाटी त्यांनी वाचली नाही. बऱ्याच वेळाने ते पुटपुटताना ऐकू आले, "दगड हाय ती. तुज्या कामाची न्हाई." सरांच्या तोंडून 'हाय' मी जन्मात पहिल्यांदा ऐकलं.

दुपारी काकूंना बाहेर आणलं. डोळे मिटलेले होते. सर वाकले आणि अडखळत म्हणाले, "दगडू."

पहिल्याच हाकेला काकूंनी ओ दिली.

आता काकू बऱ्या आहेत. सर अजून प्रत्येक बारशाला जातात, पण अर्थ सांगत नाहीत. बाळाच्या आईजवळ बसून, हेच नाव का ठेवलं, एवढंच विचारतात आणि ती सांगेल ते ऐकून घेतात. पंगत वेळेवर बसते, वरण गरम मिळतं. पण खरं सांगायचं तर, ते गार वरण मला आठवत राहतं.