मोटेच्या कातड्याचे बूट

लातूर जिल्हा नवा नवा झाला आणि आमच्या ह्यांना वाटायला लागलं, कलेक्टर जणू आपल्या परसातच राहायला आला. त्यात दुष्काळ. गावच्या विहिरीचा तळ उघडा पडलेला. टँकर मिळायचा तर जिल्ह्याचे साहेब येऊन विहीर बघणार होते, आणि गावातर्फे बोलणार कोण, तर हे. पंच ना! माळापलीकडं नदीत खणलेल्या झऱ्यावरून रोज हंडे वाहत होते मी. मला कोण विचारतंय?

साहेब येणार म्हटल्यावर ह्यांना आधी काय आठवावं, तर लग्नातले बूट. उन्हानं वरचं कातडं तडकून एका बुटातून करंगळी बाहेर डोकावत होती. जवळच्या मुरुडच्या बाजारात चपला शिवणाऱ्यानं सांगितलं, "ठिगळाला जाड कातडं आणा." ह्यांनी गोठ्यात टांगलेली जुनी चामड्याची मोट कापली. म्हणे, विहिरीलाच पाणी न्हाई तर मोट काय चाटायची? ठिगळ बसलं. मग घरातलं करडईचं तेल अन् चुलीची काजळी घेऊन दिवसभर बूट घासत बसले. भाजी बिनतेलाची झाली.

"अहो, रोजच्या वहाणा घाला की," मी म्हटलं.

"साहेबापुढं भिकाऱ्यावानी जाऊ? गावाची काही इज्जत हाय का न्हाई?"

साहेब आले. हे करकर वाजवत पुढं. साहेबांनी विहिरीत डोकावलं, मग ह्यांच्या पायांकडं बघितलं. "तुमचं गाव बरं दिसतंय," म्हणाले. "बूट तर माझ्यापेक्षा चकचकीत." शेजारच्या गावचे लोकही टँकर मागायला भेगाळलेल्या टाचांनी अनवाणी आले होते. टँकर तिकडं गेला.

आणि हे घरी येऊन सांगतात काय, तर साहेबांनी बुटांची लई तारीफ केली! माझ्या अंगाचा तिळपापड झाला. दुसऱ्या दिवशी मी तेच बूट पायात घातले, लुगडं वर खोचलं आणि हंडे उचलले.

"अगं, लोक काय म्हणतील?"

"म्हणतील, गाव बरं दिसतंय."

माळावर काटे फार. उन्हाळाभर ते बूट मीच घातले. येताना हंडा हिंदकळला की पाणी नेमकं त्या ठिगळावर सांडायचं. मोटेला त्या साली तेवढंच पाणी लागलं.